नानांच्या नावाची मूठ

आमच्या नानांबद्दल कुणी काही विचारलं, की माझ्या डोळ्यांपुढं आधी गव्हाचं सूप येतं. ते कितीदा निवडून आले, सभागृहात काय बोलले, कोणत्या समितीवर होते, हे सांगणारे पुष्कळ आहेत. त्यातलं निम्मं मला कळतही नाही. मला घरातलं ठाऊक, ते सांगते.

नाना म्हणजे माझे थोरले दीर. आमचं गाव जामनेरकडचं, घर केळी-कापसाचं. मी धाकटी सून म्हणून आले तेव्हा नाना जिल्ह्याच्या राजकारणात होते, आणि माझा मोठा मुलगा पाळण्यात होता त्या वर्षी ते खासदार झाले. तो मुलगा शाळा शिकला, कॉलेज शिकला, नोकरीला लागला, तरी नाना खासदारच. नाना दिल्लीत, त्यांच्या बायको, म्हणजे आमच्या अक्का, गावी आमच्याबरोबर, आणि शेती सगळी आमच्या ह्यांच्या अंगावर. घर मात्र एक. चूल एक, विहीर एक, आणि कानबाई एक.

आता ही कानबाई सांगायला पाहिजे, कारण खानदेशाबाहेर ती फारशी कुणाला माहीत नसते. श्रावणात नागपंचमी झाली की येणाऱ्या रविवारी आमच्याकडं कानबाई बसते. नारळाला नथ घालायची, साडी नेसवायची, दागिने घालून देवी मांडायची, गाणी म्हणायची आणि सोमवारी वाजतगाजत नदीवर न्यायची. तिच्या नैवेद्याला रोट म्हणतात. त्या रोटांचा गहू असाच कणगीतून काढून दळायचा नसतो. भाऊबंदकीत जितके पुरुष असतील, मग म्हातारा असो की पाळण्यातला, त्या प्रत्येकाच्या नावानं सुपात मूठ टाकायची. नाव घ्यायचं, मूठ टाकायची. आणि ते रोट भाऊबंदांनीच खायचे. पाहुण्याला द्यायचे नाहीत, शेजाऱ्याला नाहीत, लग्न करून दिलेल्या लेकीलासुद्धा नाहीत. उरले तर दुसऱ्या दिवशी घरच्यांनीच संपवायचे. जेवल्यावर हात धुतलेलं पाणीही मोरीत सोडत नाहीत, परसात खड्डा करून त्यात टाकतात. आमच्या घराची तरी हीच रीत. ज्यांचं आपसात फाटतं ते कानबाई वेगळी करतात. शेताची वाटणी झाली तर माणसं पुन्हा बोलू लागतात. कानबाई वेगळी झाली की संपलं.

आमच्याकडं मुठी टाकायचा मान आत्याबाईंचा, म्हणजे माझ्या सासूबाईंचा. पाट घेऊन बसायच्या, पदर नीट करायच्या आणि पहिलं नाव घ्यायच्या नानांचं. पहिली मूठ थोरल्या लेकाची. मग आमच्या ह्यांची, मग चुलत सासऱ्यांची, त्यांना सगळं घर आबा म्हणायचं, मग आबांच्या मुलांची, नातवांची. गहू पडायचा, आणि ज्याची मूठ सगळ्यांत आधी पडली तो माणूस पंगतीला नसायचा. दरवर्षी नसायचा. श्रावणात तिकडं पावसाळी अधिवेशन असायचं.

आबा म्हणायचे, "वहिनी, रविवारी कचेरी बंद राहते ना? मग तुझ्या पोराचीच कशी उघडी राहते?"

आत्याबाई म्हणायच्या, "गाडीला वेळ लागतो. सोमवारी त्याला बोलायचं असतं."

"बोलू दे. बठ्ठा, सगळा जिल्हा ऐकतो त्याचं. घरानीच काय पाप केलंय?"

नानांच्या वाट्याचा रोट मग त्यांच्या भावानं खायचा, कारण नावाचा रोट मागं राहिलेला चालत नाही. आमचे हे आधीच पोटानं नाजूक. रडकुंडीला यायचे. म्हणायचे, "खासदार तो, अन् पोट फुगतं माझं." सगळी पंगत हसायची. आत्याबाई नाही हसायच्या.

खोटं कशाला बोलू, नाना वाईट माणूस नव्हते. इकडं असले की पहाटेपासून ओसरीवर माणसं. कुणाच्या पोराला कॉलेजात घ्यायचं, कुणाला फोन पाहिजे, कुणाचा मुलगा फौजेत, त्याची बदली. नाना ऐकून घ्यायचे, मधे बोलायचे नाहीत. केळीच्या वॅगनींचा प्रश्न तर त्यांनी इतकी वर्षं लावून धरला, की विरुद्ध पक्षाचे लोकही त्यांना केळीवाले नाना म्हणू लागले. वॅगन वेळेवर लागली नाही तर केळी स्टेशनातच काळी पडते आणि वर्षाची मेहनत उकिरड्यावर जाते, हे ज्याच्या घरी केळी आहे त्यालाच कळतं. वॅगनी मिळाल्या तेव्हा लोकांनी बैलगाडीतून मिरवणूक काढली होती. नाना गाडीत अवघडून बसले होते, उन्हात डोळे बारीक करून. अक्का मला कोपरानं ढोसून म्हणाल्या, "बघ, लग्नातपण असेच बसले होते."

त्यांच्याबरोबर दिल्लीत एक माणूस असायचा. धुळ्याचा, देवपुरातला. त्याच्या वडिलांची पिढी गिरणीत काम करायला दुसरीकडून आली होती. टायपिंग तो करायचा, फोन तो घ्यायचा आणि रात्रीची खिचडीही तोच टाकायचा. आम्ही त्याला धुळ्याचा भाऊ म्हणत असू. नाना एकदा सहज बोलून गेले होते, "तिकडं आम्ही दोघं एका ताटात जेवतो, दुसरं घासायला कंटाळा येतो." तेव्हा कुणी ते मनावर घेतलं नाही.

असं करत करत वर्षं गेली. आबा पहिल्यांदा थट्टा करायचे, मग टोमणे मारू लागले आणि नव्वद सालाच्या पुढं एकदा चक्क बोलले. आत्याबाईंचे तेव्हा पाय गेले होते, खाटेवरच असायच्या. आबा त्यांच्या उशाशी बसले. मी तिथंच वाती वळत होते.

"वहिनी, राग मानू नको. आमची पोरं विचारतात, ज्याच्या नावाचा रोट आहे अन् तोंड नाही, त्याच्यासंगं आम्ही का बसायचं? निवडणूक आली की आम्ही पायाचे तुकडे करून फिरतो. वर्षातून एक दिवस त्याला आमच्या मांडीला मांडी लावून बसता येत नाही? तो बठ्ठा गावना शे, घरना नही. यंदाही आला नाही, तर आम्ही आमची कानबाई वेगळी करतो."

आत्याबाई मला म्हणाल्या, "त्याला सांग, जामनेरला जाऊन फोन लावायला. म्हणावं, मायनं बोलावलंय. काम सांगू नको. नुसतं मायनं बोलावलंय एवढंच."

'त्याला' म्हणजे आमच्या ह्यांना. हे गेले, फोन लावून आले. म्हणाले, "येतो म्हणाला." आत्याबाईंनी विचारलं, "अजून काही बोलला?" हे म्हणाले, "नाही. येतो, एवढंच म्हणाला."

त्या साली आत्याबाईंना उठवून, पाठीशी उशा देऊन बसवलं आणि त्यांनी मुठी टाकल्या. नानांची मूठ टाकताना अर्धा गहू गोधडीवर सांडला. अक्कांनी तो दाणा दाणा वेचून सुपात घातला.

आणि नाना आले, बरं का. रविवारी दुपारी जळगावहून जीप आली. अंगणात उतरले तेच मला थकलेले वाटले, कानाजवळचे केस पांढरे झाले होते. मागून धुळ्याचा भाऊ बॅग घेऊन उतरला. तो तसाच धुळ्याला घरी जायचा होता. पण नाना म्हणाले, "आता उपाशी कुठं जातोस, जेवून जा." तो ओसरीवर बसला. मी त्याच्यासाठी दुसऱ्या चुलीवर वरण-भात टाकला. त्यात अपमान काही नव्हता. कानबाईच्या दिवशी बाहेरच्या माणसाला वेगळं रांधूनच वाढतात.

आत्याबाईंची खाट माजघरात आणली, तिथून सगळी पंगत दिसेल अशी. दिवेलागण झाली होती. देवीपुढं समया लावलेल्या, गंगाफळाच्या, म्हणजे लाल भोपळ्याच्या भाजीचा वास सुटलेला. आबा, त्यांची मुलं, आमचे हे, आमची मुलं, आणि पहिल्या पाटावर नाना. अक्का वाढत होत्या. नानांच्या ताटात रोट ठेवताना त्या क्षणभर तिथंच थांबल्या. आबांनीच आवाज चढवून म्हटलं, "वाढ, वाढ! खासदाराला भूक लागत नाही का?" सगळे हसले. आबा खूश होते. खरंच खूश होते.

नानांनी पहिला घास घेतला. आत्याबाई बघत होत्या. त्यांची नजर तेव्हा पार अंधूक झालेली, पण मी सांगते, त्यांनी तो घास पाहिला.

मग नानांचं लक्ष दाराकडं गेलं. ओसरीवर धुळ्याचा भाऊ एकटाच ताट पुढं घेऊन बसला होता, पाठ आमच्याकडं करून. नानांनी हाक मारली, "काय रे, तिकडं का बसलास? इकडं ये." तो बिचारा उठून आला आणि दारात उभा राहिला. नानांनी आपल्या ताटातला रोट मोडला, अर्धा त्याच्या हातावर ठेवला आणि म्हणाले, "खाऊन बघ. दिल्लीत कुठं मिळणार तुला."

त्यानं खाल्ला. साहेबांनी दिला, त्यानं खाल्ला. त्याच्या घरी ही देवी नव्हती, त्याला काय माहीत.

पंगतीत कुणाचाच हात हलेना. माझ्या हातात खिरीचं भांडं होतं, ते मी खाली ठेवायचंसुद्धा विसरले. सभागृहाचे सगळे नियम नानांना तोंडपाठ, कोण केव्हा उठणार, कोण केव्हा बसणार. आणि आपल्याच घराचा हा एक नियम त्या घटकेला त्यांच्या मनातून पुसला गेला होता. इतकी वर्षं एका ताटात जेवलेल्या माणसाला आपल्या ताटातलं देऊ नये, हे त्यांना सुचलंच नाही.

आबांनी ताटावरचा हात उचलला. "रोट भायेर गया, नाना."

नानांचा चेहरा तेव्हा उतरला. त्यांच्या सगळं ध्यानात आलं. ते उठायला लागले, पण पंगतीतून मधेच उठायचं नसतं, म्हणून तसेच अर्धवट टेकून राहिले.

"आबा, चूक माझी आहे. त्याला काही बोलू नका."

"त्याला कोण बोलतंय? तो पाहुणा आहे. तू कोण आहेस, ते सांग. बारा गावचा कारभार करतोस आणि आपल्या चुलीची रीत विसरलास?" आबांचा आवाज फाटला. रागापेक्षा त्यात दुसरंच काही होतं. "मी पोरांना काय सांगू? आला म्हणून आज मी त्यांच्यापुढं छाती फुगवून बसलो होतो. आता त्यांचंच खरं झालं. वहिनी, पुढच्या साली आमची देवी आमच्या घरी."

आबांचा मोठा मुलगा म्हणाला, "मी कधीचा सांगतोय."

आमचे हे म्हणाले, "तू गप बस रे, तुला कोणी विचारलं?"

"तू कोण मला गप बसवणारा?"

धुळ्याचा भाऊ दारातच उभा, हात पुढं धरून, जणू तो हातच आता त्याचा नव्हता. म्हणाला, "आजी, मला माहीत नव्हतं हो."

आत्याबाई म्हणाल्या, "तू घाबरू नको, बाळा. परसात जा, तिथं खड्डा आहे. त्यात हात धू. दुसरीकडं धुऊ नको." मला म्हणाल्या, "जा, त्याला पाणी दे." मी गेले. त्याच्या हातावर पाणी घातलं. घरच्यांचं पाणी जिथं पडतं तिथंच त्याचं पडलं. मग परत आत आले.

आत्याबाईंनी आबांना विचारलं, "भाऊजी, त्यानं दिला तो रोट कोणाच्या ताटातला होता?"

"त्याच्याच."

"तुमच्या मुठीचा होता?"

"नाही."

"मग तुमचं काही बाहेर गेलं नाही. त्याच्या नावाची मूठ होती, ती त्यानं दिली. ज्याची मूठ, त्यानं दिली. गेलं ते त्याचं गेलं." एवढं बोलून त्यांना दम लागला. अक्का पाणी घेऊन धावल्या, ते त्यांनी हातानं दूर केलं. "पुढल्या सालापासून सुपात नानाची मूठ पडणार नाही. कानबाई एकच राहील. मी असेन तोवर आणि मी गेल्यावरही."

आबा गडबडले. "वहिनी, मी असं नव्हतं म्हटलं."

"तुम्ही नाही म्हटलं. मी म्हणते."

"अगं, थोरला लेक तुझा..."

"थोरला आहे म्हणूनच. त्याची राहू दिली असती, तर तुमची पोरं म्हणाली असती, म्हातारीनं खासदाराला वाचवलं."

मी नानांकडं बघितलं. मला वाटलं, आता ते बोलतील. बोलण्यावरच तर त्यांची एवढी वर्षं गेली होती. त्यांनी मान खाली घातली आणि म्हणाले, "बरं, माय." ताट कपाळाला लावलं, उरलेला रोट आमच्या ह्यांच्या ताटात ठेवला आणि सगळ्यांची जेवणं होईपर्यंत त्या पाटावर नुसते बसून राहिले, कारण मधून उठायचं नव्हतं.

अक्कांनी तेवढ्यात विचारलं, अगदी हळू, "आत्याबाई, मग मी कुठं बसायचं?"

"तू माझी सून. तू इथंच."

पुरुषांची पंगत उठल्यावर आम्ही बायका बसलो. अक्का माझ्या शेजारी होत्या. त्यांनी ताटातलं सगळं संपवलं, मान वर न करता. आणि ओसरीवर नाना आणि धुळ्याचा भाऊ वरण-भात खात होते. नाना त्याला म्हणत होते, "जेव रे. तुझी गाडी जाईल."

सोमवारी देवी नदीवर नेली. नाना सगळ्यांत मागं, गावच्या लोकांबरोबर चालले. वाटेत दोघाचौघांनी त्यांच्या हातात अर्ज दिले. त्यांनी ते खिशात घातले. नदीवरूनच जीपमध्ये बसले, पुढचा दिवस सभागृहाचा होता. घरून निघताना खाटेजवळ येऊन आईच्या पायांवर त्यांनी डोकं ठेवलं होतं, ते मी पाहिलं. आत्याबाईंनी त्यांच्या केसांतून हात फिरवला आणि म्हणाल्या, "किती पांढरे झाले रे." दुसरं काही नाही.

त्या हिवाळ्यात आत्याबाई गेल्या. नाना आले, सगळं केलं, थोरल्या मुलानं करायचं ते सगळं. त्यात कुणी आडवं आलं नाही.

पुढल्या श्रावणात सूप अक्कांपुढं आलं. थोरली सून, मान तिचा. पाटावर बसल्या, पदर नीट केला. पहिली मूठ हातात घेतली आणि तशीच धरून राहिल्या. आबा दारात उभे होते. काठी टेकत पुढं आले. "टाक, सूनबाई. माझं काही म्हणणं नाही. देवीचंही नसेल. टाक त्याच्या नावानं."

अक्का म्हणाल्या, "आत्याबाई नाही म्हणाल्या होत्या." आणि त्यांनी आमच्या ह्यांचं नाव घेतलं. बायकोनं नवऱ्याचं नाव ओलांडून पुढं जायचं. मी तोंड फिरवलं.

नाना त्यानंतर आणखी एकदा निवडून आले. मग पुढच्या निवडणुकीत पडले आणि त्यांनी राजकारण सोडलं. दिल्लीतलं सामान एका टेम्पोत मावलं. पुस्तकंच जास्त. धुळ्याचा भाऊ देवपुरात दुकान घालून बसला. नाना गावी राहायला आले, केळीच्या बागेत चकरा मारू लागले. आमच्या ह्यांना शेतीतलं शिकवू लागले, त्यावर हे चिडायचे. "वॅगनी आणल्यास म्हणजे केळी लावता येते असं नाही," असं तोंडावर म्हणायचे. नाना हसायचे.

आता श्रावण त्यांचा होता. कुठं जायचं नव्हतं, कुणी बोलवत नव्हतं. कानबाई आली तेव्हा आबा स्वतः ओसरीवर गेले. वय झालेलं, धड चालवत नव्हतं. म्हणाले, "नाना, झालं गेलं. मी सगळ्यांत वडील, मी सांगतो, चल आत. मूठ नसली म्हणून काय झालं, माझ्या ताटातला घे."

नाना म्हणाले, "आबा, माय एकदाच बोलली. ते मी मोडू का? मग तुमच्या पोरांनी उद्या काय मोडायचं नाही?"

आमच्या ह्यांना फार राग आला. आत येऊन माझ्यावर ओरडले, "कसला हा हट्ट! मेलेल्या माणसाशी कसला हट्ट!" मी दुसऱ्या चुलीवर नानांचा वरण-भात टाकत होते.

तेव्हापासून दरवर्षी तसंच. नाना ओसरीवर, बरोबर कुणी ना कुणी असायचंच. पद गेलं तरी माणसं यायची थांबली नव्हती, कुणी जामनेरहून, कुणी पार बोदवडहून. नाना त्यांच्याबरोबर जेवायचे. आत पंगत बसायची. अक्का वाढायच्या. सगळ्यांच्या ताटात रोट पडला की आबा घास न घेता थांबायचे आणि दाराकडं तोंड करून मोठ्यानं विचारायचे, "नाना, येतो का रे?"

आमची मुलं, आबांचे नातू, ताटावर हात ठेवून थांबायची. भूक लागलेली असली तरी थांबायची. मग ओसरीवरून आवाज यायचा, "तुम्ही सुरू करा, आबा." आणि मगच सगळे पहिला घास घ्यायचे.